पन्नाशीतला माणूस आणि शाळकरी बन्या

रात्रीचे अकरा वाजलेत. रहस्यकथा ऐन रंगात आलीये. चोर कोण, हे आता दोन-चार पानांत कळणार. तुम्ही घाईघाईनं पान उलटता आणि समोर थेट पुठ्ठा! शेवटची पानं कुणीतरी फाडून नेलेली. काय कराल?

माझ्यावर ही वेळ सातवीत आली. पुस्तक बीडमधल्या एका वाचनालयातलं. कुठल्या ते सांगत नाही, कारण तिथल्या काकांनी बिचाऱ्यांनी ते खळ लावून दोनदा चिकटवलेलं होतं. पुस्तक फास्टर फेणेचं होतं आणि मालिकेतलं पहिलंही नव्हतं, मधलंच कुठलं तरी. म्हणजे सुरुवात ठाऊक नाही आणि शेवट हातात नाही. माझ्या बाकावरचा दोस्त आणि मी, दोघांनी ते आळीपाळीनं वाचलं आणि आपापला शेवट रचला. त्याचा चोर वेगळा, माझा वेगळा. त्यावरून कडाक्याचं भांडण झालं, बोलणं बंद झालं. आणि दिवाळी झाल्यावर तो आईबापासोबत ऊसतोडीला गेला. बीडच्या माणसाला यापुढं काही समजावून सांगायची गरज नाही. मुकादमाची उचल घेतलेली असते, ट्रक गावात येतो आणि वर्गातली कितीतरी बाकं मोकळी होतात. तो परत आला तोवर परीक्षा होऊन गेली होती. भांडण मिटवायचं राहूनच गेलं.

पूर्ण प्रत मला सापडली ती कॉलेजच्या पहिल्या वर्षाला, पुण्यात, रस्त्याकडेच्या जुन्या पुस्तकांच्या ढिगात. तिथंच उभ्याउभ्या शेवटची पानं वाचली. आम्ही दोघंही चुकलो होतो.

त्या दिवशी मी पहिल्यांदा मुखपृष्ठावरचं लेखकाचं नाव नीट वाचलं. लहानपणी आपण लेखक वाचतच नाही, हिरो वाचतो. बन्या फेणेला मी ओळखत होतो, त्याची सायकल ओळखत होतो, काही भारी सुचलं की तो जिभेनं ‘ट्टॉक’ करतो तो आवाज मला आमच्या वर्गात सगळ्यात चांगला काढता यायचा. पण हे सगळं कुणीतरी टेबलाशी बसून लिहिलंय, त्या माणसाला घर होतं, खर्च होता, वय होतं, हे डोक्यातच आलं नव्हतं. नाव होतं भा. रा. भागवत.

तुमच्यापैकी बऱ्याच जणांना फास्टर फेणे माहीत आहे तो २०१७ च्या सिनेमामुळे. आदित्य सरपोतदारनं दिग्दर्शित केलेला, रितेश देशमुखनं निर्माण केलेला, अमेय वाघचा. मेडिकल प्रवेश परीक्षेतला घोटाळा शोधून काढणारा फेणे त्यात आहे. आपल्या जिल्ह्यात घराघरात एक तरी पोरगं ‘नीट’ची तयारी करतंय, तेव्हा ती गोष्ट आपल्याला जरा जास्तच जवळची वाटली असणार. त्या सिनेमात फेणे ज्यांच्या घरी उतरतो ते एक आजोबा आठवतात? दिलीप प्रभावळकरांनी रंगवलेले, पुस्तकांच्या गराड्यातले, मिस्कील. त्यांचं नाव सिनेमात भा. रा. भागवतच आहे. ते सिनेमासाठी रचलेलं पात्र आहे असं समजणारी पोरं मला भेटली आहेत. पण हा माणूस खरा होता, आणि त्याच्या आयुष्यातही एक शेवट मध्येच फाटला होता.

भास्कर रामचंद्र भागवत यांचा जन्म ३१ मे १९१० चा, इंदूरचा. इंदूर तेव्हा होळकरांचं संस्थान. आज आपण मराठी लेखक म्हटलं की पुणे-मुंबई डोळ्यांपुढं आणतो, पण त्या काळी मराठी माणसं किती वेगवेगळ्या राजवटींत राहत होती बघा. इंदूर होळकरांकडं, बडोदा गायकवाडांकडं, मुंबई-पुणे इंग्रजांकडं आणि आपलं बीड निजामाच्या हैदराबाद संस्थानात. नकाशावर ‘महाराष्ट्र’ नावाचं राज्य यायला अजून पन्नास वर्षं होती. भागवत आणि बीड, दोघंही त्या अर्थानं बाहेरचेच. पुढं भागवत पुण्याचे झाले, आणि आपण १९४८ मध्ये निजामातून सुटून, १९५६ ला मुंबई राज्यात जाऊन, १९६० ला महाराष्ट्राचे झालो.

तरुणपणी त्यांनी पत्रकारिता केली, काही काळ रेडिओत नोकरी केली. पत्नी लीलावती भागवत यासुद्धा लेखिका. आकाशवाणीच्या मुंबई केंद्रावरच्या ‘वनिता मंडळ’ या बायकांच्या कार्यक्रमाशी त्यांचं नाव जोडलेलं आहे आणि मुलांसाठी त्यांनीही भरपूर लिहिलं. तुमच्या आजीला विचारून बघा, रेडिओवर दुपारी ‘वनिता मंडळ’ लागायचं म्हणजे काय असायचं. एका घरात दोन लिहिणारी माणसं, दोघांचाही जीव मुलांच्या लिखाणात. हे फार क्वचित जमतं. बहुतेक लेखकांना मुलांसाठी लिहिणं म्हणजे सुट्टीतला उद्योग वाटतो. मोठ्यांची कादंबरी लिहून झाली, हाताशी वेळ आहे, चला, ससा-कासव लिहू.

भागवतांनी तो पूर्ण वेळेचा उद्योग केला. १९५१ मध्ये त्यांनी ‘बालमित्र’ नावाचं मुलांचं मासिक सुरू केलं. मासिक काढणं ऐकायला छान वाटतं. तुमच्या कॉलेजच्या वार्षिक अंकाच्या मंडळात कुणी असेल तर त्याला विचारा. वर्षातून एक अंक काढताना काय होतं? मजकूर वेळेत येत नाही, जाहिरात देतो म्हणालेला दुकानदार फोन उचलत नाही, मुद्रितं तपासायला कुणी बसत नाही. मासिकात हेच दर महिन्याला. त्यात वाचक शाळकरी, म्हणजे त्याच्या खिशात पैसे नाहीत. वर्गणी भरणार ते बाबा. बाबांना पोरानं गणित करायला हवंय, गोष्टी नकोत. अशा धंद्यात माणूस उतरतो तो हिशेब कच्चा असतो म्हणून, किंवा हट्ट पक्का असतो म्हणून. ‘बालमित्र’ काही वर्षं चाललं आणि बंद पडलं.

मला वाटतं, इथं जरा थांबलं पाहिजे. चरित्रांत असे बंद पडलेले उद्योग एका ओळीत उरकतात, कारण पुढं काय झालं ते चरित्र लिहिणाऱ्याला माहीत असतं. ज्याचं मासिक बंद पडतं त्याला ते माहीत नसतं. भागवत तेव्हा चाळिशीच्या पुढं गेलेले. त्या वयात आपल्याकडं माणसाला ‘आता काय नवीन करणार’ असं सर्रास म्हटलं जातं. तुम्हाला तर बावीस-तेविसाव्या वर्षीच म्हणतात. एमपीएससीचा दुसरा प्रयत्न गेला की गल्लीतले काका चेहरा असा करतात की जणू सगळं संपलंच.

भागवत लिहीत राहिले. आणि त्यांनी एक मोठं काम हाती घेतलं, ते म्हणजे फ्रेंच लेखक ज्यूल व्हर्नला मराठीत आणणं. व्हर्न १८२८ ते १९०५ या काळातला. माणसानं अजून विमान उडवलं नव्हतं तेव्हा तो चंद्रावर जाणाऱ्यांच्या गोष्टी लिहीत होता, आणि समुद्राच्या पोटातून महिनोन् महिने फिरणारी पाणबुडी त्यानं १८७० च्या सुमाराला कागदावर उतरवली. भागवतांनी केलेल्या या पुस्तकांची नावं बघा. ‘चंद्रावर स्वारी’, ‘पाताळलोकची अद्भुत यात्रा’, ‘समुद्रसैतान’, ‘मुक्काम शेंडेनक्षत्र’. शेवटचं नाव तर मला फार आवडतं. धूमकेतूला आपल्याकडं शेंडेनक्षत्र म्हणायचे. त्या शब्दात धूमकेतूला एकदम शेंडी फुटते. आणि त्याच्याआधी ‘मुक्काम’! जणू पोस्टकार्डावर पत्ता लिहायचाय, मुक्काम अमुक, पोस्ट तमुक. फ्रान्समधल्या गोष्टीला खेड्यातल्या पोस्टमनच्या पिशवीत टाकायचं कसब ते हेच. जड विज्ञान, लांबलचक समुद्रवर्णनं, परकी नावं, हे सगळं बारा वर्षांच्या पोराला वाचता येईल इतकं हलकं करायचं म्हणजे प्रत्येक वाक्य आधी स्वतःला तोंडानं म्हणून बघावं लागतं. भागवतांचं मराठी वाचताना आजही असंच वाटतं, की कुणीतरी बोलतंय.

आता डिटेक्टिव्हकडं येऊ. मराठीत रहस्यकथा नवी नव्हती. बाबूराव अर्नाळकर नावाचं एक वादळच होतं. हजाराच्या वर रहस्यकथा, काळा पहाड, झुंजार. पोरं त्या भूमितीच्या पुस्तकात लपवून वाचायची. पण त्यातले नायक मोठे, बंगल्यातले, मोटारीतले. पोरांनी फक्त बघायचं. गुन्हा पोरांनीच शोधायचा, ही कल्पना बाहेरच्या जगात मात्र चांगली रुजली होती. शेरलॉक होम्सनं सुद्धा लंडनच्या रस्त्यावरची उनाड पोरं हाताशी धरली होती, दिवसाला एक शिलिंग मजुरीवर, कारण पोलीस जिथं पोचत नाहीत तिथं ती पोचायची आणि त्यांच्याकडं कुणी लक्ष देत नसे. पुढं १९२९ मध्ये जर्मनीत एरिक केस्टनरनं एमिल नावाच्या मुलाची गोष्ट लिहिली. लहान गावातला एमिल रेल्वेनं एकटा बर्लिनला निघतो, आईनं कष्टानं जमवलेले एकशे चाळीस मार्क खिशात टाचणीनं टोचून ठेवतो, आणि गाडीत डुलकी लागते तेवढ्यात ते चोरीला जातात. मग बर्लिनमधली अनोळखी पोरं एकत्र येऊन चोराच्या मागं लागतात. बीडहून रात्रीच्या गाडीनं पहिल्यांदा पुण्याला जाताना ज्याच्या आईनं पैसे चोरकप्प्यात शिवून दिलेत, त्याला ही गोष्ट परकी वाटणार नाही. केस्टनरनं एमिलचा दुसरा भागही लिहिला. मधल्या काळात, १९३३ मध्ये, नाझींनी बर्लिनच्या चौकात पुस्तकांची होळी केली, त्यात केस्टनरची पुस्तकं जळत होती आणि तो स्वतः गर्दीत उभा राहून बघत होता. एमिल तेवढा वाचला. पोरांचं पुस्तक म्हणून कुणी मनावर घेतलं नाही.

अमेरिकेत वेगळंच चाललं होतं. एडवर्ड स्ट्रेटमायर नावाच्या माणसानं पोरांच्या रहस्यकथांचा कारखानाच काढला. कथानक तो देणार, लिहिणारा पगारी, पुस्तकावर नाव मात्र तिसऱ्याच खोट्या लेखकाचं. १९२७ मध्ये हार्डी बॉइज आणि १९३० मध्ये नॅन्सी ड्रू याच कारखान्यातून बाहेर पडल्या. नॅन्सीची सुरुवातीची पुस्तकं लिहिणाऱ्या मिल्ड्रेड बेन्सनला एका पुस्तकाचे सव्वाशे डॉलर मिळायचे, पुढं कितीही प्रती खपोत. इंग्लंडात एनिड ब्लायटननं ‘फेमस फाइव्ह’ची १९४२ ते १९६३ या काळात एकवीस पुस्तकं लिहिली. कलकत्त्यात सत्यजित राय यांनी आजोबांनी काढलेलं ‘संदेश’ हे मुलांचं मासिक १९६१ मध्ये पुन्हा सुरू केलं आणि त्यासाठी १९६५ मध्ये फेलूदाला जन्म दिला. अशोक जैन यांच्या अनुवादामुळे तो आता मराठीतही आहे.

आणि इकडं, पन्नाशी ओलांडलेल्या भागवतांनी एक मुलगा उभा केला. बनेश फेणे. घरचं नाव बन्या. किडकिडीत अंगकाठी, सायकलवर सुसाट, म्हणून ‘फास्टर’. शिकायला पुण्यात, विद्याभवन शाळेत. सोबतीला सुभाष देसाईसारखा दोस्त, मालीसारखी बहीण. आणि गाव? फुरसुंगी.

हे ‘फुरसुंगी’ फार महत्त्वाचं आहे. ते खरं गाव आहे, हडपसरच्या पलीकडं. भागवतांना एखादं गोंडस खोटं गाव रचता आलं असतं. किंवा हिरो थेट सदाशिव पेठेतला करता आला असता. त्यांच्या पुस्तकांचे बरेचसे गिऱ्हाईक तिथलेच असणार. त्यांनी शहराबाहेरचं गाव घेतलं आणि ते नाव हिरोला असं चिकटवलं की ‘फुरसुंगीचा फास्टर फेणे’ हे एका दमात म्हणावं लागतं. नवीन शाळेत गेल्यावर ‘कुठला रे तू’ हा प्रश्न कसा विचारला जातो, तुम्हाला माहितीये. उत्तर देताना काही जण नुसता जिल्हा सांगतात, तालुका गिळतात. मी स्वतः पहिल्या वर्षी ‘औरंगाबादजवळ’ असं सांगायचो. बीड नावाची बातम्यांमधून जी ख्याती आहे ती नको म्हणून. बन्या कधीच पुण्याजवळ म्हणत नाही. त्याचं गाव त्याच्या नावाच्या आधी येतं.

फुरसुंगी आज ओळखू येणार नाही. एका बाजूला आयटी कंपन्यांच्या काचेच्या इमारती, दुसऱ्या बाजूला वर्षानुवर्षं पुण्याचा कचरा जिथं नेऊन टाकला तो डेपो आणि त्याच्याविरुद्ध गावकऱ्यांनी केलेली आंदोलनं. शहरानं आपली घाण नेऊन टाकावी असं गाव एका लेखकानं हिरोसाठी निवडलं होतं, हे तिथल्या पोरांना कुणी सांगतं का, माहीत नाही.

फेणेची पुस्तकं येत गेली. एक, दोन, पाच, दहा, वीस. बन्या काश्मीरला गेला, प्रतापगडावर गेला, चक्रीवादळात सापडला, विमानचोरांना भिडला, १९६२ च्या चीन युद्धाच्या वेळी थेट नेफाच्या आघाडीवर पोचला. नेफा म्हणजे आजचा अरुणाचल. वर्तमानपत्रात ज्या बातम्या मोठी माणसं कपाळाला आठ्या घालून वाचत होती, त्यांच्यात भागवतांनी एक शाळकरी पोरगा सोडून दिला. बन्या या सगळ्यात मोठा झालाच नाही. युद्धं झाली, सरकारं बदलली, तो शाळेतच राहिला. खऱ्या आयुष्यात कुणी इतकी वर्षं शाळेत राहिला तर घरचे काय करतील ते सोडा.

पुढचा भाग लिहिणं म्हणजे काय असतं? वरवर पाहता सोपं. नाव चालतंय, आणखी एक काढा. पण तुम्ही कधी एखाद्या मालिकेचा दुसरा भाग हातात घेतला असेल तर ती धाकधूक आठवा. पहिल्यात जे आवडलं ते असेल ना? आणि नुसतं तेच असेल तर कंटाळा नाही ना येणार? वाचकाला दोन्ही हवं असतं, ओळखीचंही आणि नवंही. लेखकाला याचा वैताग येऊ शकतो. कॉनन डॉयलला होम्सचा इतका कंटाळा आला की १८९३ मध्ये त्यानं त्याला धबधब्यात लोटून दिलं. वाचक खवळले, आणि दहा वर्षांनी, १९०३ मध्ये, तो मेलाच नव्हता असं सांगून त्याला परत आणावं लागलं. भागवतांनी बन्याला कधी कुठल्या दरीत ढकललं नाही. त्यांना त्याचा कंटाळा आला नाही, निदान पानांवर तरी तसं दिसत नाही. विसाव्या पुस्तकातही बन्याच्या डोक्यात काही शिजायला लागलं की लिहिणाऱ्यालाही गंमत वाटतेय हे कळतं.

सगळंच ग्रेट आहे असं मी म्हणणार नाही. एकोणीस-वीस वर्षांच्या वयात तुम्ही ही पुस्तकं उघडलीत तर योगायोग फार वाटतील. संकट जिथं येणार तिथं बन्या बरोब्बर हजर. मुली आहेत, पण धाडसाचं काम शेवटी पोरांच्याच वाट्याला. खलनायक खलनायकासारखेच दिसतात. आणि एक गोष्ट मला मोठेपणी टोचली. बन्या शाळेत गैरहजर राहतो तो साहसासाठी. माझा बाकावरचा दोस्त सहा-सहा महिने गैरहजर राहायचा तो कोयत्यासाठी. मराठी बालसाहित्यात रहस्यं शोधायला सुट्टी असलेली पोरं खूप आहेत, सुट्टी नसलेली कमी. हा दोष एकट्या भागवतांचा नाही. पण पोरगा गावाकडचा घ्यायचा हे ज्यांना सुचलं, त्यांच्याकडूनच ही अपेक्षा करावीशी वाटते. ससा-कासव लिहिणाऱ्यांकडून कोण करतो?

भागवतांनी आणखी एक डिटेक्टिव्ह लिहिला आणि तो फेणेइतका गाजला नाही याचं मला वाईट वाटतं. बिपिन बुकलवार. नावातच सगळं आलं. हा पोरगा पुस्तकवेडा. बन्याकडं सायकल आणि पाय, बिपिनकडं वाचलेलं. फेणेसारखं आपण व्हावं असं मला शाळेत वाटायचं. पण पळण्यात शेवटून दुसरा यायचो, तेव्हा खरं तर मी बिपिनच्या पार्टीतला. वाचणाऱ्या मुलाला सगळे ‘पुस्तकी किडा’ म्हणून चिडवतात तेव्हा त्याच किड्याला कुणीतरी रहस्यकथेचा नायक करतं, ही साधी गोष्ट नाहीये. माझा अंदाज असा की बन्यात भागवतांनी त्यांना व्हावंसं वाटणारं पोर लिहिलं आणि बिपिनमध्ये ते स्वतः होते ते. अंदाजच आहे, परीक्षेत लिहू नका.

ऐंशीच्या दशकात दूरदर्शनवर फेणेची मालिका आली आणि तेव्हा पोरसवदा असलेला सुमीत राघवन त्यात बन्या झाला. बालकुमार साहित्य संमेलनाचं अध्यक्षपदही भागवतांना मिळालं. मुलांसाठी लिहिणाऱ्याला आपल्याकडं जे मानसन्मान मिळतात ते उशिरा आणि बेतानं मिळतात, त्यांनाही तसेच मिळाले. २७ ऑक्टोबर २००१ ला ते गेले. वय एक्याण्णव. तुमच्यापैकी बहुतेकांचा तेव्हा जन्मही झालेला नव्हता. सोळा वर्षांनी, २०१७ च्या ऑक्टोबरमध्येच, बन्या मोठ्या पडद्यावर आला. शाळकरी होता तो कॉलेजच्या वयाचा होऊन. इतक्या वर्षांत पहिल्यांदा कुणीतरी त्याला पुढच्या वर्गात घातलं.

पुस्तकं आजही मिळतात. पुण्याचं उत्कर्ष प्रकाशन ती छापतं. कुठलंही आधी वाचलंत तरी चालतं, क्रम लागत नाही. मी तर मधूनच सुरुवात केली होती.

कधी कधी विचार येतो, बन्या बीडला आला असता तर कुठं गेला असता? मला शंका नाही. सायकल थेट खजाना विहिरीकडं. सोळाव्या शतकातली विहीर, आत उतरणाऱ्या पायऱ्या, पाण्याच्या पातळीजवळ फिरणारी कमानींची गॅलरी, आणि जमिनीखालून दूरवर पाणी नेणारे बोगदे. दुष्काळातही ही विहीर आटत नाही, असं आपण सगळे ऐकत आलोय. ती ज्यानं बांधली त्याचं नाव राजा भास्कर असं सांगतात. योगायोग बघा, आपल्या लेखकाचंही नाव भास्कर. त्या बोगद्यांत पुढं कुठवर जाता येतं, हा प्रश्न बीडच्या प्रत्येक पोराला एकदा तरी पडलेला असतो. त्यावर एक भाग लिहिला गेला असता तर सातवीत आम्ही वाचनालयात रांग लावली असती. अजूनही कुणी लिहू शकतं. तुमच्या वर्गात असेल एखादी.

तर ती शेवटची पानं. जुन्या बाजारातली ती प्रत माझ्याकडं अजून आहे. परवा कपाट आवरताना हाती आली आणि मला त्या दोस्ताची आठवण झाली. तो शाळा सोडून ट्रॅक्टर चालवायला लागला, मग ट्रक. गावाकडून नंबर मिळवला. शेवटच्या आठ पानांचे फोटो काढले आणि काहीही न लिहिता व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवून दिले. दोन दिवस नुसत्या दोन निळ्या खुणा. तिसऱ्या रात्री त्याचा व्हॉइस मेसेज आला, मागं इंजिनचा आवाज. कुठल्या तरी ढाब्यावर गाडी लावून त्यानं सगळं वाचलं होतं. त्याचं म्हणणं असं, की लेखकानं घोळ घातलाय, चोर त्यानं सातवीत सांगितला होता तोच असायला पाहिजे होता. मग त्यानं का ते समजावून सांगायला सुरुवात केली. मेसेज चार मिनिटांचा होता. मला अजूनही त्याचं पटलेलं नाही, आणि मी तसं त्याला कळवलंय.